तांदळातलं नाव

खडकीच्या आमच्या क्वार्टर्समध्ये दिवेलागण आधी कानांना कळायची आणि मग डोळ्यांना. फॅक्टरीचा भोंगा होऊन गेलेला असायचा, सायकली भिंतींना टेकलेल्या असायच्या, आणि मग एकेका दारातून एकेक आई बाहेर येऊन आपल्या पोरांच्या नावानं ओरडायला लागायची. शेजारच्या अलमेलू मामी कुंभकोणमच्या. त्या नावातलं शेवटचं अक्षर मैदानापलीकडच्या चिंचेपर्यंत ओढायच्या. समोरच्या रांगेतली नजमाची अम्मी एकदाच हाक मारायची, पण अशी की दुसरीची गरज पडू नये. कोपऱ्यावरच्या स्टेला टीचर एकट्या राहायच्या. त्यांना बोलवायला घरी कुणी नव्हतं, म्हणून त्या दुसऱ्यांच्या पोरांना घराकडे हाकलायच्या. आमची आई मात्र दारापर्यंत यायचीच नाही. स्वयंपाकघराच्या खिडकीतून, फोडणीच्या वर आवाज चढवून, ‘तारा, कुमुद, बास झालं आता’ एवढंच म्हणायची, आणि त्या हाकेबरोबर हिंगाचा वास मैदानावर यायचा. मी कुमुद, धाकटी. तारा माझी मोठी बहीण. हे सगळं मी लिहितेय ते तिच्या नावाबद्दल आहे.

तारा खो-खो खेळायची. नुसती खेळायची नाही, तिच्यासाठी मॅच बघायला देहूरोडपासून माणसं यायची. ती पाटीवरून सुटली की मैदानाच्या चारी बाजूंनी ‘तारा, तारा’ असा गजर सुरू व्हायचा, आणि त्यात लष्करातले शिपाई, फॅक्टरीतले फिटर, दूधवाला भय्या असे सगळे असायचे. मला तेव्हा तिचा हेवा वाटायचा, आणि सांगायला हरकत नाही, अजूनही वाटतो. माझ्या नावानं आयुष्यात कुठलं मैदान दणाणलं नाही. तारा लग्नाच्या वयाची झाली तेव्हा सकाळी बालवाडीत शिकवायची आणि संध्याकाळी पोरींना खो-खो शिकवायची. बालवाडीतल्या पोरांना ‘ताराताई’ म्हणता यायचं नाही, ती ‘तालाताई’ म्हणायची, आणि ते ऐकून हिला कोण आनंद व्हायचा.

मला वेगळंच वेड होतं. कुणाचं नाव काय आणि ते का, हे विचारत मी दारोदार फिरायची. क्वार्टर्समध्ये त्याची चंगळ होती, कारण फॅक्टरीनं देशाच्या सगळ्या कोपऱ्यांतली माणसं आणून एका ओळीत बसवली होती. बलबीरचाचा फॅक्टरीत आमच्या वडिलांच्या, अण्णांच्याच शॉपमध्ये होते. त्यांनी सांगितलं की त्यांच्याकडे गुरुद्वारात ग्रंथसाहिब उघडतात, त्या पानावर जे पहिलं अक्षर येईल त्यावरून बाळाचं नाव, आणि तेच नाव मुलाला चालतं नि मुलीलाही. ‘आमच्या गावात तारा म्हणजे काय माहीत आहे? तारासिंग. एवढाल्या मिश्या!’ असं म्हणून ते हातांनी मिश्या दाखवायचे, आणि पुढे जन्मभर ते माझ्या बहिणीला ‘सरदारजी’च म्हणाले. नजमाची अम्मी शेवया भाजता भाजता सांगायची की त्यांच्यात सातव्या दिवशी बाळाचं जावळ काढतात आणि नाव ठेवतात. मामींची तऱ्हा तर सगळ्यात मजेची. त्यांच्या मुलीचं नाव कामाक्षी, पण मामी तिला कायम ‘पाप्पा’, म्हणजे बाळ, म्हणायच्या. का, तर कामाक्षी हे मामींच्या सासूचं नाव. नातीला आजीचं नाव ठेवायचं हा त्यांचा रिवाज, आणि सासूचं नाव तोंडानं घ्यायचं नाही हाही त्यांचाच रिवाज. ‘मग रागावू कशी? सासूला रागावल्यासारखं होतं,’ असं त्या आपल्या ठसठशीत मराठीत म्हणायच्या आणि स्वतःच खदखदून हसायच्या.

नजमा ताराची जिवलग मैत्रीण. एकदा तिच्या अब्बांनी मला सांगितलं की नजमा म्हणजे अरबीत तारा. मी धावतच घरी आले. दोघी जन्मापासून एकमेकींना एकाच अर्थानं हाक मारत होत्या आणि दोघींनाही पत्ता नव्हता. ही बातमी मी स्टेला टीचरना सांगायला गेले, तर त्या नेवऱ्या, म्हणजे आपल्या करंज्या, तळत होत्या. त्यांनी झारा खाली ठेवला, हात पुसले आणि म्हणाल्या, ‘आणि मी कोण वाटले तुला? स्टेला म्हणजे लॅटिनमध्ये तेच. आमच्या मदर मेरीला समुद्रावरचा तारा म्हणतात, तिच्यावरून माझ्या गॉडमदरनं ठेवलं.’ त्या दिवशी मला जे वाटलं ते मी पुढे मोठमोठ्या पुस्तकांतूनही अनुभवलं नाही. तीन दारं, तीन देव, आणि आत एकच नाव. अण्णांना सांगितलं तर ते डबा घासता घासता म्हणाले, ‘मग विजेचं बिल कशाला भरतोय आपण?’

अण्णांचं स्वतःचं नाव धोंडू. त्यांच्या आधीची भावंडं पाळण्यातच गेली होती, म्हणून यांना धोंडा म्हणायचं, म्हणजे देवाला वाटावं इथे नेण्यासारखं काही नाही. फॅक्टरीत नवीन आलेली शिकलेली पोरं या नावाला हसायची. अण्णांना त्याचं काही वाटायचं नाही. ‘ह्या नावानं मला जगवलंय,’ म्हणायचे, ‘तुमच्या नावानं तुमच्यासाठी काय केलं ते सांगा.’ ते इतकं शांतपणे म्हणायचे की समोरचा चहा संपवून निघून जायचा.

परवा आमच्या खराडीच्या फ्लॅटमध्ये नातीच्या नावाचा घोळ चालू होता. नाव दोन अक्षरी हवं, परदेशात उच्चारता यायला हवं आणि वर्गात दुसऱ्या कुणाचं नको. सूनबाई फोनवर बघून म्हणाली, ‘आई, हे क्यूट आहे ना? याचं ओरिजिन संस्कृत पण दाखवतंय, हिब्रू पण आणि अरेबिक पण.’ मी म्हटलं, ‘म्हणजे कुणालाच नक्की माहीत नाही.’ मुलगा हसला, सून हसली नाही. ती पोर गुणी आहे, मला ठाऊक आहे. पण अर्थ विचारायला तिला कुणाच्या दारात जावं लागत नाही, तळणाचा वास घ्यावा लागत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं. असो.

तारासाठी पर्वतीच्या बाजूचं स्थळ आलं. मुलगा मोहन, पिंपरीच्या कारखान्यात चांगल्या जागेवर. मुलीला बघायला चौघं आली. मोहन स्वतः, त्याचे वडील नाना, त्याची आई, आणि नानांची मोठी बहीण अक्का. अक्कांना मूलबाळ नव्हतं, त्या भावाकडेच राहायच्या आणि घरातले सगळे रीतिरिवाज त्यांच्या कनवटीला असायचे. पोहे आईनं केले होते, पण कॉफी मामींच्या घरून पितळी डबऱ्यांतून आली होती. नानांनी घोट घेतला आणि म्हणाले, ‘कॉफी उत्तम आहे. याचा अर्थ घरची नाही.’ आईचा चेहरा पडला, अण्णा मात्र हसले, आणि तिथेच दोघा पुरुषांचं जमलं. मग नानांनी मुलीला नाव विचारलं. तारानं सांगितलं. नाना बायकोकडे वळले. ‘ऐकलंस का? घरात एक तारा आहे, आता दुसरी. एक हाक मारली की दोघी येणार. एकूण सोय आहे.’

मोहनच्या आईचं नाव तारा होतं. ताराबाई. ती बाई तोवर एक अक्षर बोलली नव्हती. ठेंगणी, गव्हाळ, हातात पाटल्या, आणि बसण्याची पद्धत अशी की कुणी ऊठ म्हणायच्या आधी उठता यावं. तिनं माझ्या बहिणीकडे पाहिलं आणि विचारलं, ‘खो-खो कुठे खेळतेस गं?’ तेवढंच. बाकीचं अक्कांनी ठरवून टाकलं. ‘नाव तर तसंही बदलायचंच असतं. मोहन, म्हणून मोहिनी. छान जुळतं.’ त्या काळी हे कुणाला विचारायचं नसे. लग्न लागून मुलगी सासरी आली की ताटात तांदूळ पसरायचे, नवऱ्यानं सोन्याच्या अंगठीनं त्यात बायकोचं नवं नाव लिहायचं, पेढे वाटायचे, आणि त्या क्षणापासून जुनं नाव माहेरी ठेवलेल्या परकरासारखं. कधी गेलं तर घालायचं, नाही तर नाही.

ती मंडळी गेल्यावर तारा बराच वेळ पोह्यांच्या बशा घासत बसली. बशा मोजक्याच होत्या. आई म्हणाली, ‘एवढं काय त्यात? माझं नाही का बदललं? मला तर आधीचं आठवतसुद्धा नाही.’ हे धादांत खोटं होतं. गावाहून मामा आला की दारातूनच ‘चंपे’ म्हणून हाक मारायचा, आणि एरवी गुडघे धरून चालणारी आमची आई त्या हाकेला पायऱ्या उतरून धावायची. हे आम्ही दोघींनी कितीतरी वेळा पाहिलं होतं. तारानं आईकडे नुसतं पाहिलं, आणि आईनं पदरानं डोळे नाही, उगाच ओटा पुसला.

मोहन ताराला आवडला होता, आणि अडचण तिथेच होती. न आवडता तर नकार देऊन मोकळी झाली असती. दोघांना एकदा सारसबागेत फिरायला सोडलं, सोबत म्हणून मला. मी भेळ खाण्यात दंग असल्याचं सोंग केलं. तारानं आढेवेढे न घेता विचारलं, ‘माझं नाव राहिलं तर चालणार नाही का?’ मोहन पहिल्यांदा लाजला, मग म्हणाला, ‘मला नाव बदलण्याची हौस नाही हो. अक्कांचं मी ऐकणारही नाही. पण ते माझ्या आईचं नाव आहे. घरी नाना तिला कधीमधी हाक मारतात, शेजारी मारतात. मी बायकोला आईच्या नावानं कशी हाक मारू? जीभच उचलणार नाही माझी.’ तारा म्हणाली, ‘मग नावच नको. अगं म्हणा.’ ‘ते तर म्हणीनच,’ तो म्हणाला. दोघं हसली. बसमध्ये ती मला म्हणाली, ‘कुमे, तो खोटं बोलला असता तर बरं झालं असतं.’ मला तेव्हा ते कळलं नाही. त्याचं म्हणणं खरं होतं आणि हिचंही, त्यामुळे भांडायला कुणीच उरलं नव्हतं.

क्वार्टर्समध्ये सगळ्यांनी यावर आपापलं मत दिलं. बलबीरचाचा म्हणाले, नाव रबनं अक्षर दाखवून दिलेलं असतं, ते माणसानं कसं बदलायचं. स्टेला टीचर म्हणाल्या, आमच्यात नवऱ्याचं आडनाव लावतात, पण बाप्तिस्म्याचं नाव पोपलाही बदलता येणार नाही. मामींना तर प्रश्नच समजेना. ‘सासू-सून एक नाव? अय्यो, किती चांगलं! आमच्याकडे मुद्दाम ठेवतात, तुम्ही काढून टाकता?’ नजमा एवढंच म्हणाली, ‘मोहन-मोहिनी तर भाऊ-बहीण वाटतात.’ त्यावर तारा पोट धरून हसली आणि हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, ते थांबेच ना. अण्णा एक दिवस पर्वतीला जाऊन आले. नानांशी काय बोलले ते त्यांनी सांगितलं नाही. परत येऊन चपला काढता काढता म्हणाले, ‘माणसं चांगली आहेत. रीत वाईट आहे. आपल्याला रीतीशी लग्न करायचं नाहीये, पण ती सोबत येते.’

लग्नाच्या आदल्या आठवड्यात तारानं मला एक काम सांगितलं. तिला सवय व्हावी म्हणून मी तिला मोहिनी म्हणायचं. मी मागच्या दारातून हाक मारली, ‘मोहिनी!’ ती दोरीवर कपडे वाळत घालत होती. वळलीच नाही. पुन्हा मारली, तरी नाही. मला वाटलं मुद्दाम करतेय. जवळ गेले तर म्हणाली, ‘मारलीस का हाक? मला वाटलं तू दुसऱ्या कुणाला बोलावतेयस.’ आणि मग ओला टॉवेल तसाच छातीशी धरून म्हणाली, ‘कुमे, माझी मीच मला ऐकू येणार नाही गं तिथे.’ मी तिला मिठी मारली. टॉवेलचं पाणी आम्हा दोघींच्या अंगावर ओघळत राहिलं.

लग्न झालं. जेवणात जिलब्या होत्या, मट्ठा आंबट होता आणि बलबीरचाचांनी बँडसमोर भांगडा केला. एवढ्यावर लग्नाचं वर्णन मी थांबवते, कारण लग्नं सगळी सारखीच असतात. संध्याकाळी पाठराखीण म्हणून मी ताराबरोबर पर्वतीला गेले. उंबरठ्यावरचं माप तिनं पायानं लवंडलं, आत आली, आणि लक्ष्मीपूजनाची तयारी होईपर्यंत आम्हा दोघींना आतल्या खोलीत बसवलं. बाहेर अक्कांचा आवाज येत होता, तांदूळ आंबेमोहोरच हवेत, ताट चांदीचं कुठंय, अंगठी कुणाची घ्यायची. ताराचा शालू सारखा सुटत होता. मला पिन सापडेना, म्हणून मी म्हटलं, ‘तारा, तुझ्या पर्समध्ये आहे का बघ.’

‘काय गं?’ असं दोन आवाज एकदम आले. एक ताराचा. दुसरा दारातून. मोहनची आई हळदीकुंकवाची तबकडी घेऊन आत येत होती, तिला वाटलं मी तिलाच हाक मारली. आमचं तिच्याकडे लक्ष जाताच ती ओशाळून हसली. मीही हसले. तारा मात्र हसली नाही. ती तोंडावर हात ठेवून रडायला लागली, अगदी आवाज न करता, कारण बाहेर पाहुणे होते. सासूनं तबकडी खाली ठेवली, शेजारी बसली आणि विचारलं, ‘आईची आठवण येतेय का?’ तारानं मान हलवली. म्हणाली, ‘नाही. आई, मला या नावानं शेवटची हाक ऐकू आली आत्ता. बाहेर गेल्यावर नसणार ना हे.’ सासूनं आपल्या पदरानं ताराचे डोळे पुसले, शालूला स्वतःच्या चोळीची पिन काढून लावली, आणि उठून गेली. मला तिचा रागच आला. वाटलं, दोन शब्द बोलली असती तर काय बिघडलं असतं.

ताट पाटावर मांडलं होतं. तांदूळ हातानं सारखे केलेले. मोहन बसला, शेजारी तारा. अक्कांनी त्याच्या हातात अंगठी दिली आणि म्हणाल्या, ‘लिही. मो ला काना-मात्रा नीट दे.’ मोहननं एकदा बायकोकडे पाहिलं आणि अंगठी तांदळाला लावली. तेवढ्यात त्याची आई म्हणाली, ‘थांब जरा.’

आवाज मोठा नव्हता. पण त्या घरात तिच्या तोंडून हा शब्द कुणी ऐकला नसावा, कारण सगळेच थांबले. ती पाटाजवळ आली आणि उभ्यानंच बोलली. ‘हिचं नाव तारा आहे, ते तिला तिच्या आत्यानं ठेवलंय. माझं तारा हे नाव मला याच ताटात मिळालं. इतकी वर्षं वापरलं, नीट वापरलं, कुठे डाग लागू दिला नाही. आता हिचं हिला राहू दे. माझं मला परत द्या.’

अक्का म्हणाल्या, ‘शुद्धीवर आहेस का? सून आणलीस तू आज. या वयात नाव बदलणार? लोक काय म्हणतील?’

‘लोकांनी तेव्हाही काही म्हटलं नव्हतं, अक्का. मी पोर होते, तरी कुणी काही म्हटलं नाही.’

पाहुण्यांत कुजबुज सुरू झाली. नाना कोचावर बसले होते. मी त्यांच्याकडे पाहिलं, कारण मला वाटलं की आता यांच्या तोंडून काहीतरी असं निघेल की ती बाई जन्मात पुन्हा बोलायची नाही. नानांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मग म्हणाले, ‘काय होतं ते? तुझं आधीचं?’ म्हणजे त्यांना ते आठवतही नव्हतं. तिनं उत्तर द्यायच्या आधी अक्काच खाली बघून म्हणाल्या, ‘भीमा.’ आणि मग, ‘मीच बदलायला लावलं होतं. गड्यासारखं वाटायचं.’ त्यावर मोहनची आई म्हणाली, ‘आमच्या घरामागे नदी होती. भीमा. माझ्या वडिलांनी मला उचलून तिच्या पाण्यात माझे पाय बुडवले आणि म्हणाले, ही आपली दुसरी. मला ते आठवत नाही, आई सांगायची.’ हे सांगताना ती कुणाकडेच बघत नव्हती.

नाना उठले. त्यांना खाली बसायला त्रास व्हायचा, मोहननं हात दिला. पाटावर बसून त्यांनी मुलाच्या हातातली अंगठी घेतली, तळव्यानं तांदूळ पुन्हा सारखे केले आणि मोठ्या अक्षरांत लिहिलं, ‘भीमा’. मग ते तसेच बसून पेढ्यांचा पुडा शोधू लागले आणि म्हणाले, ‘घ्या पेढे. एका दिवसात सून आली आणि बायको बदलली.’ सगळे हसले. तारा उठली आणि वाकून सासूच्या पायांना हात लावला, आणि सासूनं तिला तसं वाकलेलंच घट्ट धरून ठेवलं. मला रडू आवरेना. पेढा तोंडात आणि नाक वाहतंय, अशा अवस्थेत मी त्या घराच्या पहिल्या फोटोत आहे.

दुसऱ्या दिवशी मी खडकीला परतले आणि सगळ्या दारांतून ही गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली. बलबीरचाचा म्हणाले, ‘शेर दी बच्ची.’ मामींनी त्या सासूसाठी कॉफीची पूड बांधून दिली. पण रात्री अंथरुणावर पडल्यावर मला एक साधी गोष्ट सुचली आणि झोपच उडाली. तारा वाचली हे खरं, पण भीमाला हाक कोण मारणार? मोहन आई म्हणणार. तारा आई म्हणणार. सासूचं नाव सून थोडंच घेणार. नाना ‘ऐकलंस का’ म्हणणार, कारण त्यांची जीभ त्या वळणाची. अक्का तर ‘अगं ए’च म्हणणार. तिचे आईवडील केव्हाच गेलेले. त्या बाईनं आपलं नाव मागून घेतलं होतं, ते तिला हाक म्हणून ऐकू येणार नव्हतं. माझ्या बहिणीला तिनं दिलं ते खरं दान होतं, तिला स्वतःला मात्र जवळपास काहीच मिळालं नाही, असं मला वाटलं, आणि फार वाईट वाटलं.

तारा पहिल्यांदा माहेरी आली तेव्हा मी विचारलं. ती म्हणाली, ‘अगं, कुणी दारात येऊन ताराबाई म्हणून हाक मारली की त्या मला म्हणतात, जा, तुला बोलावतायत. परवा वाण्याचं देणं मागायला माणूस आला तर मलाच पुढे केलं.’ आणि मोहन? मोहन अजून ‘अगं’वरच आहे, ती म्हणाली, पण परवा जिना उतरताना चुकून तारा म्हणाला आणि कानापर्यंत लाल झाला. मी म्हटलं, ‘आणि त्यांना? त्यांना भीमा कोण म्हणतं?’ तारा आईच्या हातच्या थालीपिठाला लोणी लावत होती. म्हणाली, ‘तुला काय करायच्यात एवढ्या चौकशा?’ आणि बोलणं दुसरीकडे नेलं.

थंडी सुरू झाल्यावर एकदा आईनं तिळाची चटणी आणि आवळ्याचं लोणचं देऊन मला पर्वतीला पाठवलं. दुपारची वेळ. मोहन कामावर, नाना आणि अक्का प्रवचनाला. जिन्यात दुपारचं ते शांत असतं तसं शांत होतं, कुठेतरी रेडिओ चालू, कुठेतरी भांडी. मी वरच्या मजल्यावर पोचले. त्यांचं दार लोटलेलं होतं. मी बेलवर बोट ठेवलं, तोच आतून माझ्या बहिणीचा आवाज आला, तोच मैदानावरचा मोकळा आवाज, जो मी तिच्या लग्नानंतर ऐकला नव्हता.

‘भीमे! अगं ए भीमे! किती वेळ लावतेस? चहा गार होतोय!’

आणि मागच्या गॅलरीतून, पाटल्यांच्या आवाजाबरोबर, त्या ठेंगण्या, कधी न बोलणाऱ्या बाईचा आवाज आला.

‘आले गं, तारे! जीव खाऊ नकोस!’

मी बोट काढून घेतलं. बरणी मांडीवर घेऊन जिन्याच्या पायरीवर बसून राहिले. बेल वाजवली असती, तर दार उघडायला एक सासू आणि एक सून आली असती.